खेळाडूनंच कॅमेरा हातात घेतला तर? (बड ब्राऊन आणि आपली कुस्ती)

कृष्णाकाठ (धागाकर्ता)

मंडळी, बरेच दिवस डोक्यात घोळतंय ते आज लिहून टाकतो. बड ब्राऊन नावाचा एक अमेरिकन माणूस होऊन गेला, जन्म १९१२ चा. मूळचा पट्टीचा पोहणारा, लॉस एंजेलिसच्या युनिव्हर्सिटी ऑफ सदर्न कॅलिफोर्नियात पोहण्याच्या टीमचा कॅप्टन, मग बीचवर लाईफगार्ड, पुढं शाळेत मास्तर. फळीवर उभं राहून लाटेवरून घसरत यायचं, त्या सर्फिंगचं वेड त्याला तिशीच्या आत लागलं. मग हवाईला जायचा आणि साध्या कॅमेऱ्यावर मित्रांचं सर्फिंग टिपून आणायचा. १९५३ साली ते सगळं जोडून त्यानं सांता मोनिकातल्या एका शाळेच्या हॉलमध्ये तिकीट लावून दाखवलं. तिकीट ६५ सेंट. सर्फिंगवरची तिकीट लावून दाखवलेली पहिली फिल्म म्हणून तीच धरतात. त्यात आवाज नव्हता, हा स्वतः माईक घेऊन उभा राहायचा आणि पडद्यावर काय चाललंय ते सांगायचा, अगदी आपला कुस्तीच्या मैदानातला निवेदक जसा पैलवानांची जोड लावल्यापासून बोलत असतो तसं.

पण मला त्यात सगळ्यात भारी वाटलं ते वेगळंच. बाकीचे लोक किनाऱ्यावर स्टँड लावून शूटिंग करत होते, हा गडी पाण्यात शिरला. कॅमेऱ्यासाठी पाणी न शिरणारी पेटी स्वतः बनवली, पायात पोहायचे फिन घातले आणि लाट फुटते तिथं जाऊन थांबला. आता जो माणूस आयुष्यभर पोहलाय त्यालाच कळणार ना की लाट कुठं उठणार, कुठं फुटणार आणि अंगावर आली की कुठनं बुडी मारायची.

म्हणून प्रश्न असा. सांगली साताऱ्यात कुस्ती एवढी, पोहणारे एवढे, पळणारे एवढे. मोबाईल तर आता प्रत्येकाच्या हातात आहे. पण अंगाला माती लागलेला माणूस कॅमेऱ्यामागं किती ठिकाणी दिसतो? आणि तो असला तर खरंच फरक पडतो का? मला वाटतं पडतो, आणि खूप पडतो. तुम्ही सांगा.

मातीतला_गडी

शंभर टक्के पडतो दादा. गेल्या जत्रेतल्या मैदानाचा व्हिडिओ बघा कुठलाही. दोन नंबरची कुस्ती लागलीय, पोरं घामानं निथळतायत, आणि कॅमेरा कुणावर, तर स्टेजवरच्या फेट्यांवर. मग हलगीवाल्यावर. मग ड्रोन वर जातो, गर्दी दाखवतो, परत खाली येईस्तवर एक जण चितपट झालेला, आणि दुसरा लोकांच्या खांद्यावर. डाव कुठला लागला तेच दिसत नाही. आमच्या तालमीतल्या पोरानं वर्षभर एकेरी पट (समोरच्याचा एक पाय धरून पाडायचा डाव) घोटवला होता, त्याच पटावर कुस्ती मारली, आणि त्या पोराकडं स्वतःच्या त्या पटाचा एक सेकंदसुद्धा नाही. ह्याचं मला लई वाईट वाटतं.

अजिंक्यतारा_७२

धागा आवडला पण मत पटलं नाही. कॅमेरा चालवणं ही स्वतंत्र विद्या आहे. भारतात भारतीय माणसानं केलेलं पहिलं चित्रीकरण कशाचं माहितीय का? कुस्तीचंच! हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ साली मुंबईत हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली. फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली होती. सावेदादा पैलवान नव्हते, फोटोग्राफर होते. तरीपण आपल्या सिनेमाची सुरुवात लांघ (पैलवानाचा लंगोट) आणि मातीनं झाली ती त्यांच्यामुळं. तेव्हा खेळाडू असायलाच पाहिजे असं काही नाही, नजर पाहिजे.

चहापोहे

सावेदादांची गोष्ट माहिती नव्हती! म्हणजे नटनट्या यायच्या आधी पैलवान पडद्यावर आले. आमच्या आज्ज्याला सांगायला पाहिजे होतं, तो सिनेमाला जातो म्हटलं की ओरडायचा.

कृष्णाकाठ (धागाकर्ता)

@अजिंक्यतारा_७२ सावेदादांबद्दल पूर्ण आदर. पण एक गोष्ट धरा, तेव्हा कॅमेरा एका जागी उभा आणि पैलवान त्याच्यापुढं. बघणाऱ्याला हलतं चित्र दिसतंय हेच मोठं अप्रूप. मी म्हणतोय ते पुढचं. खेळातली गंमत नेमकी कुठल्या क्षणाला आहे हे ओळखणं.

आणि त्या काळात हे ओळखायलाच लागायचं, कारण रीळ. १६ मिमीचं १०० फुटी रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. पाण्यातल्या पेटीत रीळ संपलं की पोहत किनाऱ्यावर या, हात पुसा, पेटी उघडा, नवीन घाला, परत आत जा. आपल्यासारखं तासभर चालू ठेवून नंतर कापू असं नाही. बटण कधी दाबायचं हा निर्णय लाट येतानाच घ्यायचा. तो पोहणाऱ्यालाच जमतो असं माझं म्हणणं.

वस्ताद_खानापूरकर

पोरांनो मी लिहीत न्हाय जास्त, नुसता वाचतोय. पण ह्यावर बोलतो. आमच्या तालमीतला एक पोरगा, गुडघा गेला म्हणून कुस्ती सुटली, आता लग्नाचं शूटिंग करतोय. त्याला मी मैदानाला बसवला. त्यानं काय केलं बगा. स्टेजवर गेलाच न्हाय. आखाड्याच्या कडंला पालथा पडला, कॅमेरा मातीपासनं वीतभर वर. मी म्हटलं आरं लेका हितनं काय दिसणार. तर म्हणतोय वस्ताद, खांदं टेकलं का न्हाय ते हितनंच दिसतंय.

आणि खरं हाय. चितपटीला भांडण कशावरनं हुतंय, तर खांदं लागलं का न्हाय ह्यावरनं. वरनं बगितलं तर पैलवानाची पाठच दिसती. आणि तो पोरगा हाताकडं बगतच न्हाय, पायाकडं बगतोय. खडाखडी, म्हंजे सुरवातीची हातांची झटापट, चालू आसली की लोकांचं ध्यान हातात आसतंय, पण पट काढायच्या आदी गुडगा वाकतोय, नजर जराशी खाली जाती. तितं हा तयार. खालच्याच्या लांगंत हात गेला की ह्याला कळतंय घिस्सा डाव येतोय, ह्यो दोन पावलं डाव्या अंगाला सरकून बसलेला. पंच कुठनं फिरणार तेबी त्याला ठाऊक, त्येच्या उलट्या बाजूला ऱ्हातोय. हे शिकवून येत न्हाय, ती माती खाल्ल्याबिगार कळत न्हाय.

मातीतला_गडी

वस्ताद _/\_ हेच हेच म्हणायचं होतं. त्या पोराची लिंक असली तर टाका.

घाटावरचा_धावपटू

मी पळणारा माणूस, साताऱ्याचा. मला ह्या धाग्यात वॉरन मिलर आणायचाय. हा बर्फावर स्की करणारा, शर्यतीत उतरणारा गडी. दुसऱ्या महायुद्धात नौदलात होता, १९४६ ला सुटला आणि ८ मिमी कॅमेरा घेतला. त्यो आणि त्याचा मित्र सन व्हॅलीत स्कीच्या गावी पार्किंगमध्ये एका छोट्या ट्रेलरमध्ये राहायचे, हॉटेलला पैसे नव्हते. आता मुद्दा हा, की त्यांनी एकमेकांचं शूटिंग सुरू केलं ते फिल्म काढायला नाही, आपलं वळण कुठं चुकतंय ते बघायला. त्यातनं पुढं १९५० ला पहिली मोठी फिल्म निघाली आणि नंतर वर्षानुवर्षं गावोगाव हॉल घेऊन, स्वतः निवेदन करत दाखवत फिरला. २०१८ ला वारला.

माझा अनुभवही तसाच आहे. यवतेश्वर घाटात आम्ही पहाटे पळतो, चढावर एक जण पुढं जाऊन मोबाईल धरतो. पहिल्यांदा स्वतःला चढावर पळताना बघितलं तेव्हा मला माझी टाच कशी पडते ते कळलं, खांदे किती ताठ असतात ते कळलं. आणि शूटिंग करणारा पळणारा असेल तर तो चेहरा घेत बसत नाही, पाऊल घेतो. घरचे लोक आले की सगळे चेहरे, हसा हसा म्हणत.

हळदीचा_वास

ताईंचं पण ऐका जरा. माझी भाची कुस्ती करते, मिरजेजवळच्या गावातली आहे. २०२३ च्या मार्चमध्ये पहिली महिला महाराष्ट्र केसरी आपल्या सांगलीतच झाली, प्रतीक्षा बागडीनं गदा घेतली, तेव्हापासनं गावोगाव पोरींच्या कुस्त्या लागायला लागल्या. चांगलंच झालं. पण व्हिडिओ बघा कसले असतात. कॅमेरा नको तिथं रेंगाळतो, खाली कमेंट नको तसल्या, आणि पोरीनं कमाल डाव मारलेला तो अर्धवट. वहिनीनं एकदा सरळ सांगितलं की शूटिंग करायचं तर आमच्या तालमीतली जी मोठी पोरगी आहे, जिनं स्वतः राज्यापर्यंत कुस्ती केली, तीच करणार. तिनं केलं. डाव दिसले, पकड दिसली, पोरीच्या तोंडावरची जिद्द दिसली. बघताना आईबापाला मान खाली घालावी लागली नाही. काय दाखवायचं एवढंच नाही, काय नाही दाखवायचं हे पण खेळलेल्या माणसालाच कळतं. मला ह्या धाग्यात हाच मुद्दा सगळ्यात मोठा वाटतो.

कृष्णाकाठ (धागाकर्ता)

ताई, हा मुद्दा माझ्या डोक्यातच आला नव्हता. मनापासून आभार.

शर्यतप्रेमी_आटपाडी

बैलगाडी शर्यतीचं पण बोला की कोणतरी! २०२१ च्या डिसेंबरला सुप्रीम कोर्टानं परवानगी दिल्यापासनं आमच्याकडं काय व्हिडिओ निघतायत, ड्रोन काय, स्लो मोशन काय.

अजिंक्यतारा_७२

निघतायत खरे, पण सगळ्याला तेच गाणं लावलेलं आणि बैलाच्या पायाचा आवाज कुठंच नाही. मला तो खुरांचा आवाज ऐकायचा असतो.

शर्यतप्रेमी_आटपाडी

हे मात्र कबूल. गाडी समोरनं जाताना जमीन हादरती ते व्हिडिओत येतच न्हाई.

औंधची_लेक

सगळे अमेरिकेत फिरून आला, आता जरा खटाव तालुक्यात या. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी. स्वतः रोज सूर्यनमस्कार घालायचे, राणीसाहेब, मुलं, सगळ्या घराला लावलेले, संस्थानातल्या शाळांत सक्तीचे केलेले. ते चित्रकार होते आणि कीर्तनही करायचे, सगळ्यांना माहिती आहे. पण त्यांनी विसाच्या दशकाच्या शेवटाला सूर्यनमस्कारांचा मूकपट पण काढून घेतला होता, त्यात ते स्वतः आणि घरचे नमस्कार घालताना दिसतात. आज इंटरनेटवर बघायला मिळतो. म्हणजे बड ब्राऊनच्या हॉलमधल्या खेळाच्या पाव शतक आधी आपल्या जिल्ह्यातला एक व्यायाम करणारा माणूस विचार करत होता की हे शब्दात सांगून पुरणार नाही, हलताना दाखवायला पाहिजे.

मी तो बघितला तेव्हा मला काय जाणवलं सांगू का, कॅमेरा बाजूनं लावलाय. नमस्कार समोरनं घेतला तर पाठीची कमान दिसत नाही, बाजूनंच दिसते. ज्याला कमानीचं महत्त्व माहिती त्यालाच ते सुचणार.

अजिंक्यतारा_७२

हे भारी. औंधच्या म्युझियमला शाळेच्या सहलीतनं गेलो होतो पण हे कुणी सांगितलं नव्हतं. ह्याच औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला कैद्यांची खुली वसाहत केली, आणि त्या प्रयोगावरनं शांतारामबापूंनी १९५७ चा गाजलेला सिनेमा काढला. एवढंसं संस्थान, पण त्याचं सिनेमाशी नातं दोन अंगांनी.

गोळेश्वर_एक्स्प्रेस

मग पैलवान खाशाबा जाधवांवर का कोणी बोलेना? १९५२ हेलसिंकी, ब्राँझ, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक. मी कराडचा. स्टेशनपासनं त्यांच्या गोळेश्वर गावापर्यंत शंभरावर बैलगाड्यांची मिरवणूक निघाली हे आमच्या घरात इतक्या वेळा सांगितलं गेलंय की मला ती बघितल्यासारखी वाटते. पण मला बैलगाड्यांच्या आधी त्यांचा डाव बघायचाय. उंची कमी, वजन सत्तावन्न किलोच्या गटातलं, आणि समोर मॅटवर सराव केलेली जगभरातली पोरं. मातीतला गडी मॅटवर पाय कसा टाकतो, हे एखाद्या पैलवानानं जवळनं टिपलेलं असतं तर आज आमच्या तालमीत ते भिंतीवर लावून शिकवलं असतं. तेच कवठेपिरानच्या मारुती मानेंचं. १९६२ च्या जकार्ता आशियाईत फ्रीस्टाईलला सोनं आणि ग्रीको रोमनला चांदी, एकाच स्पर्धेत दोन्ही प्रकार. पोरं नाव घेतात, फोटोला हार घालतात, पण डाव माहिती नाहीत.

पटकुरी

ह्या प्रतिक्रियेला +१०००

विष्णुघाट

मला एक शंका आहे. खेळाडूनं खेळाडूसाठी केलेली फिल्म बाहेरच्याला कळणार का? वस्तादांचा तो पोरगा गुडघा वाकलेला दाखवेल, आम्हाला कुस्तीतलं काही कळत नाही, आम्ही काय बघायचं? सुरुवातीच्या त्या सर्फिंगच्या फिल्मला पण सर्फिंगवालेच येत असणार.

कृष्णाकाठ (धागाकर्ता)

सुरुवातीला तेच यायचे, बरोबर. हॉलमध्ये आरडाओरडा, मोठी लाट आली की शिट्ट्या. पण पुढं बघा काय झालं. ब्राऊन आडनावाचाच आणखी एक, ब्रूस ब्राऊन, नातं काही नाही, तो पण सर्फिंग करणारा. त्यानं लाटा शोधत जगभर फिरणाऱ्या दोन पोरांची फिल्म केली. वितरकांना वाटलं किनाऱ्यापासनं लांब हे कोण बघणार. तर त्यानं कॅन्ससमधल्या विचिटा गावात, जिथनं समुद्र शेकडो किलोमीटर लांब, ऐन थंडीत लावली, आणि दोन आठवडे हाऊसफुल. १९६६ ला ती मग देशभर लागली. म्हणजे आतल्या माणसानं नीट सांगितलं तर बाहेरच्यालाही गोडी लागते. उलट बाहेरच्यानं वरवर काढलेलं आतल्यालाही आवडत नाही आणि बाहेरच्यालाही लक्षात राहत नाही.

आणि बड ब्राऊनच्या पाण्यातल्या शूटिंगची किंमत हॉलिवूडलाही कळली. १९७८ च्या एका मोठ्या सिनेमात मोठ्या लाटांचं पाण्यातलं काम करायला त्यालाच बोलावलं. तेव्हा तो साठी ओलांडलेला! २००८ ला गेला, ९६ वर्षांचा होऊन.

विष्णुघाट

साठी ओलांडून लाटेत? आमच्या घाटावर पण असे काका आहेत, सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला इशारा पातळी ४० फूट लागली तरी पाण्याकडं बघत उभे असतात, आत जायला मिळत नाही म्हणून हळहळतात. त्यांच्या डोक्याला कॅमेरा बांधला पाहिजे (पूर उतरल्यावर!).

निवृत्त_पीटी_मास्तर

मी उशिरा आलो, पण सगळं वाचलं. माझे वडील पोहणारे होते, कृष्णेत पोरांना पोहायला शिकवायचे, पुढं शाळेत व्यायाम शिक्षक झाले. परदेशात असलेल्या एका नातेवाईकानं त्यांना सुपर ८ (घरगुती फिल्मचा छोटा) कॅमेरा आणून दिला. वडिलांनी त्यावर लग्नं फार कमी घेतली, घरच्यांचा त्यावरनं राग असायचा. त्यांनी घेतलं ते पाण्यात हात मारणारी पोरं, घाटाच्या पायऱ्यांवरनं सूर मारणारी पोरं, होड्यांच्या शर्यतीतली वल्ही. कंबरभर पाण्यात उभे राहून, कॅमेरा छातीशी धरून. वल्हं पाण्यात शिरतं तो क्षण त्यांना पाहिजे असायचा, म्हणायचे शर्यत तिथं जिंकली जाते, काठावर नाही.

ती रिळं माझ्याकडं पत्र्याच्या डब्यात आहेत. एक डबा उघडला तर आंबूस वास येतो, व्हिनेगरसारखा. प्रोजेक्टर एकाकडं आहे, लावून बघावं का असं मनात आहे. कुणाला ह्यातलं कळत असेल तर सांगा, घाई आहे असं वाटायला लागलंय.

रीळवाला_पुणे

मास्तर, कृपा करून प्रोजेक्टरवर लावू नका!! मी मूळचा विट्याचा, जुन्या फिल्म स्कॅन करायच्या कामात आहे. तो वास म्हणजे फिल्मचा प्लास्टिकचा थर कुजायला लागलाय, त्याला आम्ही व्हिनेगर सिंड्रोमच म्हणतो. तो ॲसिटेट फिल्मला होतो, उष्णता आणि दमट हवेनं वाढतो, आणि एका रिळाचा दुसऱ्याला लागतो. तेव्हा पहिलं काम, वास येणारं रीळ बाकीच्यांपासून वेगळं ठेवा. घट्ट पत्र्याच्या डब्यात कोंडू नका, हवा लागू द्या. ऊन नको, माळा नको, पुराच्या पट्ट्यात घर असेल तर तळमजला अजिबात नको. कुजलेली फिल्म आकसते, भोकं दात्यांवर बसत नाहीत, जुन्या प्रोजेक्टरमध्ये घातली तर फाटते. स्कॅनरवर एकेक फ्रेम हळू पुढं जाते, ताण येत नाही. सुपर ८ चं ५० फुटी रीळ तीन मिनिटांच्या आसपास असतं, म्हणजे स्कॅन करून हार्डडिस्कवर ठेवणं काही अवघड नाही.

पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, १९६४ पासनचं, सल्ला तिथं पण विचारता येईल. आणि एक विनंती, तुम्हाला जे आठवतंय ते आत्ताच लिहून ठेवा. कुठला घाट, कुठली शर्यत, कोण पोरं. फिल्म वाचते, पण माणसं ओळखणारं कोणी उरत नाही, हे मी कामात सारखं बघतो.

निवृत्त_पीटी_मास्तर

फार उपयोगाचं सांगितलंत. लगेच वेगळं करतो. मी तळमजल्यावरच राहतो, २०१९ ला डबे माळ्यावर टाकले म्हणून वाचले होते. आता मुलाकडं वरच्या मजल्यावर हलवतो.

गोळेश्वर_एक्स्प्रेस

मास्तर, कराड सांगली काही लांब नाही. पुण्याला न्यायला गाडी लागली तर माझी आहे. खरंच सांगतोय, व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

हळदीचा_वास

मास्तर, त्या होड्यांच्या शर्यतीतली माणसं ओळखायला आमच्या सासऱ्यांना बोलवा. समडोळीकडची वल्हवणारी जुनी मंडळी त्यांना नावानिशी पाठ आहेत.

अजिंक्यतारा_७२

मी सुरुवातीला म्हणालो की नजर पाहिजे, खेळाडू असायलाच पाहिजे असं नाही. अजूनही कॅमेऱ्याची विद्या वेगळी शिकावी लागते ह्यावर ठाम आहे, वस्तादांच्या पोरानं पण ती लग्नं शूट करून शिकलीच आहे. पण मास्तरांच्या वडिलांचं वल्ह्याचं वाक्य वाचून मला कळलं की धागाकर्ता काय म्हणतोय. काठावरच्या माणसानं शर्यतीचा शेवट घेतला असता.

मातीतला_गडी

वस्ताद, पुढच्या मैदानाला तुमच्या त्या पोराला आमच्याकडं पण पाठवता का? मानधनाचं मी कमिटीशी बोलतो. आणि स्टेजवरचा कॅमेरा वेगळा ठेवू, फेटेवाल्यांचं त्यात होईल, त्यांचंही मन राखलं पाहिजे.

वस्ताद_खानापूरकर

पाठवतो की. पण एक अट. त्याला आखाड्याच्या कडंला जागा द्या, आणि त्याच्या म्होरं कोण खुर्ची टाकून बसणार न्हाय ह्याची जबाबदारी कमिटीची. आणि जोड लावताना त्याला आदीच सांगा कुठल्या पोराचा कुठला डाव हाय. तो आदल्या दिवशी तालमीत येऊन बसंल, पोरांची लढत बगंल, मग मैदानात येईल.

मातीतला_गडी

झालं वस्ताद. खुर्च्यांचं मी स्वतः बघतो. जोडांची यादी आली की पोरांचे डाव लिहून पाठवतो.